वाचकांचे प्रश्न : मोबाईल जप्त झाला, संचारबंदी लागली, नोटीस आली… आता काय?

मार्च २०२५ मधला नागपूरच्या महाल भागातला हिंसाचार, त्याच वर्षी जुलैत विधिमंडळाने मंजूर केलेले जनसुरक्षा विधेयक आणि नवे फौजदारी कायदे, या तिन्हींनंतर पोलिसांच्या अधिकारांविषयी नागपूरहून बरीच पत्रे आली. त्यांतली निवडक पत्रे इथे घेतली आहेत. वेगळे सांगितले नसेल तर कलम बीएनएसएसचे, म्हणजे १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे समजावे. जुना क्रमांक लोकांच्या तोंडी बसला असेल तिथे तोही दिला आहे.

कॉलेजच्या ग्रुपवर कुणीतरी भडकाऊ व्हिडिओ टाकला. चौकशीला बोलावून पोलिसांनी माझ्या मुलाचा मोबाईल ठेवून घेतला, पासवर्डही लिहून घेतला. कागद काहीच दिला नाही. मागायला गेलो की "तपास सुरू आहे" म्हणतात.
– एक पालक, प्रतापनगर

आधी एवढेच विचारा : गुन्हा नोंद आहे का, असल्यास क्रमांक काय, आणि मोबाईल कोणत्या कलमाखाली घेतला? मोबाईल "हजर करा" म्हणायचे असेल तर कलम ९४ ची (जुने ९१) लेखी नोटीस लागते. संशयास्पद वस्तू म्हणून जप्त केला असेल तर कलम १०६ (जुने १०२) लागते आणि त्या जप्तीचा अहवाल दंडाधिकाऱ्याकडे ताबडतोब पाठवावा लागतो. शिवाय कलम १०५ प्रमाणे जप्तीचे, यादी करण्याचे आणि पंचांच्या सह्यांचे व्हिडिओ चित्रण करणे आता बंधनकारक आहे. "राहू द्या इथे, उद्या घेऊन जा" हा कायद्यातला प्रकार नाही.

अर्ज दोन प्रतींत लिहा. मोबाईल कोणत्या दिवशी, किती वाजता, कोणत्या पदाच्या अधिकाऱ्याने घेतला ते लिहा. खोक्यावरचा किंवा बिलावरचा पंधरा अंकी आयएमईआय लिहा. दोन सिमचा फोन असेल तर दोन क्रमांक असतात, दोन्ही लिहा. सिम आणि मेमरी कार्डाचा उल्लेख विसरू नका. पंचनाम्याची प्रत मागा आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. शिक्का मिळाला नाही तर त्याच दिवशी स्पीड पोस्टने ठाण्याला आणि परिमंडळाच्या उपायुक्तांना पाठवा. पोस्टाची पावती हाच तुमचा शिक्का.

एवढी खटपट कशासाठी? फोन घेतल्याची वेळ आणि सील लावल्याची वेळ यांत तीन दिवसांचे अंतर असेल, तर त्या तीन दिवसांत आत काय घातले, काय काढले, हे नंतर कुणालाच सांगता येत नाही. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खालच्या प्रमाणपत्रात म्हणूनच हॅश व्हॅल्यू लिहावी लागते. आतला मजकूर एका अक्षराने बदलला तरी हा आकडा बदलतो. फोन ताब्यात घेतला तेव्हा चालू होता की बंद, एअरप्लेन मोडवर टाकला का, सीलबंद पाकिटावर कुणाच्या सह्या आहेत, हे पंचनाम्यात यायला हवे. ते नसेल तर मुलाचे नुकसान होतेच, पण सरकारी वकिलाचेही होते.

पासवर्डचे उत्तर सरळ नाही. आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला भाग पाडता येत नाही, हे घटनेच्या कलम २० (३) मध्ये आहे. पासवर्ड त्यात येतो की नाही यावर न्यायालयांची मते वेगवेगळी आहेत. म्हणून हुज्जत घालू नये. "वकिलाशी बोलून लेखी उत्तर देतो" म्हणावे. दिलाच असेल तर दिल्याची तारीख अर्जात नोंदवावी.

दोन चुका मात्र हमखास होतात. दुसऱ्या फोनवरून लॉगिन करून चॅट पुसणे किंवा दुरून फोन साफ करणे, हा पुरावा नष्ट करण्याचा स्वतंत्र गुन्हा ठरू शकतो. मूळ प्रकरणात काही नसले तरी इथे अडकायला होते. आणि फोन परत मिळण्यासाठी ठाण्याचे उंबरठे झिजवत बसणे ही दुसरी. अर्ज कलम ४९७ किंवा ५०३ खाली दंडाधिकाऱ्याकडे, सिव्हिल लाइन्सच्या न्यायालयात करायचा असतो. डेटाची नक्कल झाली की सुपूर्तनाम्यावर, म्हणजे मागाल तेव्हा हजर करीन अशा लेखी हमीवर, फोन परत मिळू शकतो. जप्त वस्तू पंधरा दिवस ते महिन्याहून जास्त काळ ठाण्यात पडून राहू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच म्हटले आहे. तोवर ओटीपी अडू नयेत म्हणून डुप्लिकेट सिम जरूर घ्या, पण घेतल्याचे पोलिसांना पत्राने कळवा.

रात्री साडेअकराला भाच्याला घरून नेले, "जरा विचारपूस करायची" म्हणून. कोणत्या ठाण्यात आहे हे कळायलाच सकाळ झाली.
– एक मामा, जरीपटका

"विचारपूस" नावाचा ताबा कायद्यात नाही. एकतर कलम ३५ (३) ची हजर राहण्याची लेखी नोटीस, नाहीतर अटक. सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या बहुतेक गुन्ह्यांत आधी नोटीस द्यायची असते. थेट अटक केली तर तिची कारणे लेखी नोंदवावी लागतात. तीन वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात आरोपी साठीच्या पुढचा किंवा आजारी असेल तर उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याची पूर्वपरवानगी लागते. साक्षीदार म्हणून बोलावणे असेल तर स्त्रिया, पंधरा वर्षांखालील मुले, साठीपुढचे पुरुष आणि गंभीर आजारी यांना ठाण्यात जायची सक्ती नाही. पोलिसांनी घरी यायचे असते (कलम १७९). हे घरातल्या वडीलधाऱ्यांना सांगून ठेवा. साधा गणवेश दिसला तरी निघतात बिचारे.

अटक झाली असेल तर कलम ३६ प्रमाणे अटकेचा मेमो हवा. त्यावर वेळ, घरच्या किंवा मोहल्ल्यातल्या एका प्रतिष्ठित माणसाची साक्षीदार म्हणून सही आणि भाच्याची सही असते. ज्याला कळवा असे तो सांगेल त्याला कळवणे पोलिसांवर बंधनकारक आहे. प्रत्येक ठाण्यात आणि जिल्हा स्तरावर अटक झालेल्यांची माहिती ठेवणारा अधिकारी नेमलेला असतो (कलम ३७). रात्री चार ठाणी पालथी घालण्यापेक्षा ११२ वर फोन करा, नियंत्रण कक्षाला नाव-पत्ता सांगा आणि फोन केल्याची वेळ लिहून ठेवा. ती वेळ पुढे न्यायालयात कामी येते.

अटकेची कारणे लेखी, आणि आरोपीला समजेल त्या भाषेत द्यावी लागतात. यूएपीएच्या, म्हणजे बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायद्याच्या, प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाने हे मे २०२४ मध्ये सांगितले. ६ नोव्हेंबर २०२५ च्या निकालाने, जो महाराष्ट्रातल्याच प्रकरणावरचा आहे, ते सर्व गुन्ह्यांना लागू केले. लगेच लिहून देणे शक्यच नसेल तर निदान कोठडीसाठी हजर करण्याच्या दोन तास आधी कागद हातात पडला पाहिजे. नाही पडला तर अटक आणि कोठडी दोन्ही बेकायदा ठरतात. "अमुक कलमाखाली अटक" एवढे छापलेले पुरत नाही. या माणसाने काय केल्याचा आरोप आहे ते त्यात असायला हवे.

चोवीस तास मोजताना सुरुवात मेमोवरच्या वेळेपासून धरली जाते, आणि गडबड नेमकी तिथेच होते : घरून नेले साडेअकराला, मेमोवर वेळ दुसऱ्या दिवशी दुपारची. यावर उपाय म्हणजे घराजवळच्या दुकानाचे किंवा सोसायटीचे सीसीटीव्ही चित्रण लगेच पेन ड्राइव्हवर घेणे. बहुतेक खासगी कॅमेऱ्यांत पंधरा-वीस दिवसांत जुने पुसून नवे भरते. ठाण्यातले चित्रण अठरा महिने, साठवणूक कमी असेल तर निदान एक वर्ष जपावे, असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२० चा आदेश आहे. ते जपून ठेवण्याची मागणी पहिल्याच दिवशी लेखी करा. वकील परवडत नसेल तर १५१०० वर फोन करा. कोठडीतल्या माणसाला उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. चोवीस तास उलटले आणि पत्ताच नाही, तर उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात हेबियस कॉर्पसची (ताब्यातल्या माणसाला न्यायालयापुढे हजर करा, अशी) याचिका मामाही करू शकतो.

भाडेकरूची माहिती ठाण्यात दिली नाही तर घरमालकावर गुन्हा होतो का?
– मानेवाडा

आयुक्तांचा तसा आदेश चालू असेल तर होऊ शकतो. आदेश कलम १६३ (जुने १४४) खालचा असल्याने दोन महिन्यांत संपतो आणि पुन्हा काढावा लागतो, म्हणून चालू आदेशाची तारीख आधी पाहा. मोडल्यास भारतीय न्याय संहितेचे कलम २२३ लागते : सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा अडीच हजारांपर्यंत दंड, धोका निर्माण झाल्यास एक वर्ष किंवा पाच हजार. न्यायालय मात्र आदेश काढणाऱ्या, त्याच्या वरिष्ठ किंवा त्याने अधिकृत केलेल्या अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरूनच दखल घेते. माहिती कळवणे म्हणजे परवानगी मागणे नव्हे. उत्तर येईपर्यंत घर रिकामे ठेवायची गरज नाही. आधारची पहिले आठ अंक झाकलेली प्रत द्या.

महालच्या संचारबंदीत आमचे दुकान बंद राहिले. असा आदेश किती दिवस चालतो? आणि आरोपीचे घर पाडता येते का?
– एक व्यापारी, इतवारी

१७ मार्च २०२५ च्या रात्रीनंतर काही ठाण्यांच्या हद्दीत संचारबंदी लागली आणि टप्प्याटप्प्याने सैल होत २३ मार्चला पूर्ण उठली. आमच्या मते असे आदेश तपासायला तीनच गोष्टी पुरतात : कोणत्या भागापुरता आहे, केव्हा संपतो आणि कारण काय दिले आहे. दंगल पेटलेली असताना चार दिवस दुकान बंद ठेवायला लावणे यात गैर काही नाही. तोच आदेश तेच कारण लिहून पुन्हा पुन्हा काढला तर तो अधिकाराचा गैरवापर आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये काश्मीरच्या प्रकरणात स्पष्ट केले.

लोकांना सहसा ठाऊक नसते ते असे, की कलम १६३ च्याच पोटकलमांत आदेश बदलण्याचा किंवा मागे घेण्याचा अर्ज करायची सोय आहे. अर्जदाराला लवकर ऐकून घ्यावे लागते आणि अर्ज फेटाळला तर कारणे लिहावी लागतात. औषधे, दूध, नाशवंत माल यांचे दुकान असेल तर आदेश निघाला त्याच दिवशी व्यापारी संघटनेने एकत्र अर्ज द्यावा. नुसती फोनाफोनी करून नंतर खंडपीठापुढे दाखवायला काही उरत नाही.

घराविषयी : गुन्ह्याचा आरोप हे घर पाडण्याचे कारण असूच शकत नाही. बांधकाम अनधिकृत असेल तरी १३ नोव्हेंबर २०२४ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाप्रमाणे नोंदणीकृत टपालाने आणि घरावर चिकटवून पंधरा दिवसांची नोटीस, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह आदेश, त्यानंतर पुन्हा पंधरा दिवस आणि पाडकामाचे चित्रण एवढे सगळे लागते. रस्ता, फूटपाथ, नदी-नाल्याचे पात्र यांवरच्या बांधकामाला ही सवलत नाही. महालच्या प्रकरणात नागपूर खंडपीठाने २४ मार्च २०२५ ला आरोपींच्या घरांच्या पाडकामाला स्थगिती दिली. तोवर एक घर पडले होते.

आम्ही दर रविवारी वाचनगट चालवतो. मार्क्स, आंबेडकर, गांधी, सावरकर, सगळेच वाचतो. जनसुरक्षा कायद्याखाली आमच्यावर बालंट येऊ शकते का?
– बजाजनगर

पुस्तक बाळगले किंवा वाचले म्हणून गुन्हा होत नाही. ऑक्टोबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या दोन विद्यार्थ्यांच्या प्रकरणात यूएपीएबाबत हेच सांगितले. मात्र मार्च २०२३ पासून दुसरी बाजूही पक्की झाली आहे : बंदी घातलेल्या संघटनेचे नुसते सदस्यत्वसुद्धा गुन्हा आहे, हातून काही घडलेले असो वा नसो.

१० जुलै २०२५ ला विधानसभेने आणि दुसऱ्या दिवशी परिषदेने मंजूर केलेल्या जनसुरक्षा विधेयकाचा गाभा तोच आहे. सरकार संघटनेला बेकायदा जाहीर करते. त्यानंतर सदस्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि तीन लाखांपर्यंत दंड. सदस्य नसताना मदत केली किंवा आश्रय दिला तर दोन वर्षे आणि दोन लाख. बेकायदा कृत्य केले किंवा करायला लावले तर सात वर्षे आणि पाच लाख. गुन्हे अजामीनपात्र आहेत. चंद्रशेखर बावनकुळे यांच्या अध्यक्षतेखालच्या संयुक्त समितीकडे बारा हजारांहून अधिक सूचना आल्या आणि काही बदल झाले. "व्यक्ती आणि संघटना" याऐवजी कडव्या डाव्या किंवा तशा संघटनांवर रोख आला, आणि तपास उपनिरीक्षकाऐवजी उपअधीक्षक दर्जाकडे गेला. हे चांगले झाले.

जे राहून गेले ते व्याख्येत आहे. प्रस्थापित कायदा आणि त्याच्या संस्था यांची अवज्ञा करायला उत्तेजन देणे, हेही "बेकायदा कृत्य" ठरते. सविनय कायदेभंगाचे जाहीर आवाहन या शब्दांत बसवायचे म्हटले तर बसते. हिंसेची अट इथे हवी होती, असे आमचे स्पष्ट मत आहे.

तुमच्यासाठी सल्ला साधा. बैठकीचा विषय आणि तारीख वहीत लिहा. वर्गणी पावतीनेच घ्या. दुसऱ्या संस्थेच्या बॅनरखाली कार्यक्रम करण्याआधी केंद्रीय गृह मंत्रालयाची बंदी असलेल्या संघटनांची यादी पाहा. जिच्याशी संबंध आहे अशी संस्था उद्या बेकायदा जाहीर झालीच, तर त्याच आठवड्यात लेखी राजीनामा द्या आणि पोच जपा. व्हॉट्सअॅप ग्रुप सोडणे म्हणजे राजीनामा नव्हे.

माझा मुलगा गडचिरोलीत सी-६० या नक्षलविरोधी पोलीस पथकात आहे. जंगलात जीव धोक्यात घालायचा यांनी, आणि शहरात बसून तुम्ही शिकवता की पंचनाम्यात चूक कशी शोधायची?
– वाडी

तुमचा राग समजतो. पण चूक शोधणाऱ्याने चूक केलेली नसते. ५ मार्च २०२४ ला नागपूर खंडपीठाने माओवाद्यांशी संबंधांचा आरोप असलेले प्रा. साईबाबा आणि इतरांना निर्दोष सोडले, त्याची कारणे वाचा : यूएपीएखाली खटला चालवण्याची मंजुरी कायद्याप्रमाणे नव्हती आणि जप्ती सिद्ध झाली नाही. अटकेपासून जवळपास दहा वर्षे गेली. आरोपी निर्दोष असेल तर दहा वर्षे कोण परत देणार. दोषी असेल तर पोलिसांची मेहनत कुणी वाया घालवली? दोन्ही प्रश्नांचे उत्तर मंजुरीच्या त्या फायलीत आहे.

आणि कडक कायदा म्हणजे परिणामकारक कायदा, हे गृहीतकही तपासावे लागते. टाडा आणि पोटा हे दोन दहशतवादविरोधी कायदेच घ्या. टाडा १९८७ चा, १९९५ मध्ये मुदत न वाढवता संपू दिला. पोटा २००२ चा, २००४ मध्ये रद्द. दोन्ही गैरवापराच्या तक्रारींनी बदनाम झाले होते. तुमच्या मुलाच्या कामाला बळ द्यायचे तर न्यायवैद्यक प्रयोगशाळेचा अहवाल वेळेत यावा आणि मंजुरी देणाऱ्याने फाईल वाचावी. जामीन अवघड केल्याने यातले काहीच होत नाही.

हिवाळी अधिवेशनात मोर्चा काढायचा आहे. परवानगी नाकारली तर?
– एका शिक्षक संघटनेचे पदाधिकारी

अर्जात मार्ग, वेळ, अंदाजे संख्या, स्वयंसेवकांची नावे, रुग्णवाहिका आणि पाणी यांचा तपशील द्या. संख्या फुगवू नका, कमीही सांगू नका. यशवंत स्टेडियमहून निघालेला मोर्चा मॉरिस कॉलेज टी पॉइंट किंवा टेकडी रोडवर अडवतात, याची चीड अनेकांना येते. पण २३ नोव्हेंबर १९९४ ला याच परिसरात चेंगराचेंगरीत गोवारी समाजाच्या ११४ मोर्चेकऱ्यांचा जीव गेला. गर्दीला बाहेर पडायला वाट ठेवणे हा हक्कावरचा घाला नाही, त्यामुळे बॅरिकेडची जागा, मागे फिरायचा रस्ता आणि निवेदन घ्यायला कोण येणार, हे आधीच लेखी ठरवून घ्या.

पोलिसांना नियमन करता येते, सरसकट बंदी घालता येत नाही. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या (तेव्हाच्या मुंबई पोलीस अधिनियमाच्या) कलम ३३ वर सर्वोच्च न्यायालयाने १९७२ मध्ये तसा निर्णय दिला आहे. त्याच अधिनियमाच्या कलम ३७ (३) ची जमावबंदी शासनाच्या मंजुरीशिवाय पंधरा दिवसांपुढे चालत नाही. म्हणून अर्ज इतका आधी द्या की नकार मिळालाच तर खंडपीठात जायला चार कामाचे दिवस उरतील. आदल्या संध्याकाळी हातात पडणारी कलम १६८ ची (जुनी १४९ ची) नोटीस ही ताकीद असते, बंदी नव्हे. सही करून घ्या, पण सहीखाली वेळ टाका.

चॅप्टर केसची नोटीस आली आहे. वर्षाचा बाँड मागतात. दहा वर्षांपूर्वीचा एक गुन्हा आहे, त्यात मी सुटलो.
– पाचपावली

चॅप्टर केस म्हणजे शांतता राखण्याची किंवा चांगल्या वर्तनाची लेखी हमी (बाँड) घेण्याची कारवाई. नागपुरात आयुक्तालय असल्याने कार्यकारी दंडाधिकाऱ्याचे हे अधिकार सहायक पोलीस आयुक्तांकडे असतात. म्हणजे मागणारे आणि ठरवणारे एकाच खात्याचे. या व्यवस्थेतली सगळ्यांत कमकुवत जागा हीच, असे आम्हाला वाटते. म्हणून कलम १३० चा आदेश नीट वाचा. मिळालेल्या माहितीचा सारांश, बाँडची रक्कम आणि मुदत त्यात असावी लागते. "गुंड प्रवृत्तीचा आहे" एवढेच छापलेले असेल तर तेवढ्यावरच हरकत घ्या. निर्दोष सुटल्याच्या निकालाची प्रमाणित प्रत जोडा. चौकशी सहा महिन्यांत संपली नाही तर सहसा प्रकरण आपोआप निकाली निघते. बाँड देण्याच्या अंतिम आदेशाविरुद्ध सत्र न्यायालयात अपील करता येते. घाबरून पहिल्याच दिवशी बाँड लिहून देऊ नका. तो मोडल्याचा ठपका आला तर तुरुंग आहे.

तडीपारीच्या नोटिशीला हेच धोरण, फक्त तिथे अपील शासनाकडे आणि मुदत तीस दिवसांची. पूर्ण दोन वर्षांसाठीच हद्दपार का, याचे कारण आदेशात नसेल तर तो टिकणे कठीण.

फोन टॅप होतोय का, हे स्टार-हॅश-२१-हॅश डायल करून कळते म्हणतात. खरे का?
– धरमपेठ

नाही. त्या कोडने फक्त कॉल फॉरवर्डिंग चालू आहे का ते दिसते. सरकारी टॅपिंग कंपनीच्या यंत्रणेत होते. फोन तापणे, बॅटरी उतरणे, खरखर ऐकू येणे यांचा त्याच्याशी संबंध नाही. डिसेंबर २०२४ च्या नियमांप्रमाणे राज्यात गृह सचिवांचा आदेश लागतो. तो एका वेळी साठ दिवसांचा, वाढवत एकूण १८० दिवसांपर्यंत. आणीबाणीत पोलिसांनी आधी टॅप केले तर सात कामाच्या दिवसांत मंजुरी मिळवावी लागते. आदेश तपासणाऱ्या समितीत मुख्य सचिव आणि इतर सचिवच असतात, न्यायाधीश नाही. १९९६ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालापासून हे असेच चालत आले आहे.

फॉरवर्डिंग दिसलेच तर हॅश-हॅश-००२-हॅश डायल करून ते बंद करा आणि बँकेचे ओटीपी कुठे जात होते ते आधी पाहा. हा उद्योग बहुधा सायबर चोरट्यांचा असतो. पैसे गेले असतील तर लगेच १९३० वर कळवा.